मद्य, काळ आणि समृद्धी: तिन्ही खाती एकाच देवाकडे कशी बसवायची?

(कोरीपाटी, तळघर आणि घटिकापात्र ही बोलणाऱ्यांची टोपणनावं.)

कोरीपाटी: टेबलाभोवती बसून पात्रं वठवत खेळायच्या खेळाच्या काल्पनिक जगासाठी देव रचतोय. नाव द्राक्षकालेश्वर, वाइन, काळ आणि विश्वाची भरभराट त्याच्या अखत्यारीत. पण हे मंत्रिमंडळाच्या खातेवाटपासारखं दिसतंय. शिवाय समृद्धीचा देव म्हटल्यावर भक्ताने मागितलं की मिळालं, मग खेळात अडचण कुठून आणायची? देवळात वर्षभर नेमकं काय चालतं तेही ठरत नाही. या जगात मातीचे रांजण आहेत, मद्य ऊर्ध्वपातित करण्याची (तापवून त्याची वाफ थंड करून कडक अर्क काढण्याची) विद्या मात्र नाही.

तळघर: तीन खाती सोडा, एक क्रिया पकडा: आंबणं. गोड रस, त्यावर काही दिवस, आणि फसफसून काठाबाहेर येणारा फेस. तिन्ही गोष्टी एका रांजणात आल्या. असं नातं जुन्या धर्मांतही सापडतं. जुन्या मेक्सिकोतल्या अझ्टेकांच्या पुल्के या आंबवलेल्या पेयाच्या एका देवाचं नाव ओमेतोच्त्ली, म्हणजे ‘दोन ससा’. ते त्यांच्या २६० दिवसांच्या पंचांगातल्या एका दिवसाचंच नाव आहे. अथेन्सच्या अँथेस्टेरिया उत्सवात पहिल्या दिवशी नव्या वाइनचे रांजण उघडायचे, दुसऱ्या दिवशी प्यायचं आणि तिसरा दिवस मेलेल्यांचा.

देवळासाठी शेरी ही स्पेनमधली कडक वाइन करणाऱ्यांची सोलेरा पद्धत उचला. डोंगरउतारावर चार पायऱ्या, प्रत्येक पायरीत गळ्यापर्यंत पुरलेला १००० लिटरचा रांजण. वर्षातून एकदा सर्वांत खालच्यातून २५० लिटर काढायचे, तो वरच्यातून भरायचा, वरचा त्याच्या वरच्यातून, आणि सर्वांत वरच्यात यंदाची वाइन. मग खालून निघणाऱ्या वाइनचं सरासरी वय येतं १६ वर्षं (चार रांजण भागिले पाव, म्हणजे प्रत्येकातून दरवर्षी निघणारा हिस्सा). रांजणांची ही ओळच देवाची मूर्ती समजा आणि हे सरासरी वय म्हणजे देवाचं वय.

समृद्धीला लगामही इथेच बसतो. राजाने दुष्काळात दरवर्षी निम्मं काढायला लावलं, तर काही वर्षांत सरासरी ८ वर येते. देवाचं वय निम्मं! देव देतो, पण स्वतःच्या वयातून देतो. यज्ञ, शाप वगैरे वेगळं काही शोधायची गरज नाही.

घटिकापात्र: हिशोब बरोबर, पण १६ हा आकडा देऊळ बरंच जुनं झाल्यावरचा. स्थापनेनंतर तिसऱ्या वर्षी तीन वर्षांपेक्षा जुना थेंब कुठून येणार? म्हणजे नव्या गावातल्या देवळात बाळदेव आणि मूळ पीठात म्हातारा. पंथांतली भांडणं आयती मिळाली.

आता बिघाड. शेरीच्या पिंपात वर मुद्दाम जागा रिकामी ठेवतात. ते चालतं कारण तिच्यात सहसा ऊर्ध्वपातित मद्यार्क घालून ती किमान १५ टक्क्यांवर नेलेली असते. तुमच्याकडे ती विद्या नाही, वाइन १२ टक्क्यांच्या आसपास राहणार. वर हवा राहिली की जिवाणू तिचं व्हिनेगर करतात. म्हणून उपसणं आणि भरणं एकाच दिवशी, रांजण काठोकाठ, आतून मधमाश्यांच्या मेणाचा लेप, झाकणाला मेण-राळ. पळीने उपसू नका, हवा मिसळते. पायरी कमरेइतकी ठेवलीत तर आरपार पोकळ केलेल्या बांबूच्या नळीतून, ती एकदा भरली की, वाइन आपसूक खाली उतरेल. नळीचं टोक खालच्या रांजणाच्या तळाशी सोडा.

आणि वर नवी वाइन घालायची म्हणजे आंबून शांत झालेली. ताजा रस ओतून झाकण पक्कं केलं तर ते उडेल. लिटरभर रसात २०० ग्रॅम साखर असेल तर त्यातून जवळपास ५० लिटर कार्बन डायऑक्साइड निघतो.

कोरीपाटी: वा, मग त्या वायूलाच देवाचा श्वास करता येईल? पुजारी दिवा घेऊन रस आंबत ठेवलेल्या तळघरात उतरतो, दिवा विझला की देव जागा आहे असं समजायचं?

घटिकापात्र: करा, पण एक खाच ठेवा. हा वायू हवेपेक्षा जड, जमिनीलगत साचतो. दिवा डोक्याशी धरला तर तेवत राहतो आणि खाली वाकून झाकण तपासणारा कोसळतो. शिवाय माणूस गुदमरण्याइतका वायू साचला तरी ज्योत तग धरू शकते. तेव्हा ‘दिवा तेवतोय म्हणजे देव झोपलाय’ ही तुमच्या पुजाऱ्यांची चुकीची समजूत असू द्या. नवा शिष्य दोरी बांधून आधी उतरतो, हा विधी का, ते मग कुणाला सांगावं लागत नाही.

तळघर: नावाबद्दल राहिलंच. द्राक्षकालेश्वर शिलालेखात ठीक. तलवार अंगावर येताना एवढं कोण ओरडेल? लोकांच्या तोंडी रांजणोबा ठेवा. आणि शिवी: ‘तुझं झाकण निघो.’

कोरीपाटी: रांजणोबा पक्का. पायऱ्यांचा नकाशा काढायला घेतो.