फॉरमॅट करू नका, रायगड आत आहे

सोसायटीचा ग्रुप, बुधवार, संध्याकाळी ७:५२

बी-४०३: नमस्कार. घरच्या कॉम्प्युटरबद्दल विचारायचं होतं. संध्याकाळी लाईट दोनदा गेली-आली तेव्हा आमचा मुलगा माइनक्राफ्ट खेळत होता. कॉम्प्युटर बंद पडून परत चालू झाला. गेम सुरू होतो, पण त्याने बनवलेलं जग यादीतच नाही. गेल्या दिवाळीत पायाला प्लॅस्टर होतं, खाली मुलांबरोबर किल्ला करता आला नाही, म्हणून त्याने गेममध्ये रायगड बांधायला घेतला होता. तेव्हापासून रोज थोडा थोडा बांधतोय. महादरवाजा झाला, गंगासागर झाला, होळीचा माळ झाला. सहा वाजल्यापासून रडतोय, जेवायलाही उठत नाही. दुकानात फोन केला तर म्हणाले फॉरमॅट मारावा लागेल, उद्या अकराला माणूस पाठवतो. करून घेऊ का?

ए-१०२: फॉरमॅट कशाला, रिसेट करा. सेटिंग्जमध्ये ‘रिसेट धिस पीसी’ आहे, त्यात ‘कीप माय फाइल्स’ निवडा. मी मार्चमध्ये केलं होतं, माझे सगळे फोटो जागेवर राहिले.

सी-२०२: ताई, थांबा. फॉरमॅट नको, रिसेट नको, गेम काढून परत टाकणंही नको. त्याला सांगा, गेम पूर्ण बंद कर आणि त्याच नावाचं नवीन जग उघडून बघू नकोस. किल्ला बहुतेक आत सुखरूप आहे. मी ऑफिसातून निघालोय, बसमधून लिहितो.

सी-२०२: काका, तुमचे फोटो राहिले हे बरोबर आहे. त्या पर्यायात डेस्कटॉप, डॉक्युमेंट्स, फोटो राहतात. पण आपण टाकलेले प्रोग्रॅम जातात, आणि बरेच गेम आपला खेळ डॉक्युमेंट्समध्ये ठेवतच नाहीत. ते ॲपडेटा नावाच्या लपवलेल्या फोल्डरमध्ये ठेवतात. रिसेटनंतर ते फोल्डर जसंच्या तसं मिळेल असं धरून चालता येत नाही. फॉरमॅटमध्ये तर जातंच.

ए-१०२: हे मला माहीत नव्हतं. ताई, माझा सल्ला मागे घेतो.

बी-४०३: त्याला सांगितलं, गेम बंद केला. पुढे काय करायचं?

सी-२०२: या गेमचे दोन प्रकार आहेत. आधी त्याला विचारा, माइनक्राफ्ट जावा आहे की बेडरॉक?

बी-४०३: जावा म्हणतोय.

सी-२०२: छान. कीबोर्डवर खिडकीचं चिन्ह असलेलं बटण दाबून ठेवून आर दाबा. छोटी चौकट येईल. त्यात टक्क्याचं चिन्ह, मग ए पी पी डी ए टी ए, मग परत टक्क्याचं चिन्ह, आणि एंटर. जे उघडेल त्यात माइनक्राफ्ट नावाचं फोल्डर आहे, नावाच्या आधी टिंब आहे. त्याच्या आत ‘सेव्ह्ज’. ते अख्खं फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी करा. कट नाही, कॉपी. हे झाल्याशिवाय दुसरं काहीही करायचं नाही.

बी-४०३: पेन ड्राइव्ह शोधतेय.

बी-४०१: काकू माझ्याकडे ३२ जीबीचा रिकामा आहे, आणून देते.

ए-३०१: विषय निघालाच आहे तर मीही विचारते. मुलीच्या लॅपटॉपवर स्टीम या ऑनलाइन गेमच्या दुकानातून घेतलेला एक गेम परवाच्या अपडेटनंतर नुसता काळा पडदा दाखवतो. आवाज येतो, चित्र नाही. तिने दोनदा काढून परत टाकला, ४० जीबी डाउनलोड दोन वेळा. तरी तेच.

सी-२०२: ताई, परत डाउनलोड करू नका, नेट फुकट जातंय. तीन गोष्टी, याच क्रमाने. काळा पडदा असतानाच खिडकीचं बटण, कंट्रोल, शिफ्ट आणि बी एकत्र दाबा. पडदा क्षणभर मिटून परत येईल, कारण ग्राफिक्सचा ड्रायव्हर, म्हणजे पडद्यावर चित्र आणणारा प्रोग्रॅम, नव्याने सुरू होतो. त्याने नाही झालं तर ऑल्ट आणि एंटर. बऱ्याच गेममध्ये त्याने चित्र पूर्ण पडद्यावरून छोट्या खिडकीत येतं. आणि तेही नाही तर स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या नावावर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे फाइली तपासण्याचा ‘व्हेरिफाय’ हा पर्याय आहे. तो सगळ्या फाइली पडताळतो आणि बिघडलेली असेल तेवढीच परत आणतो. ४० जीबी नाही.

ए-३०१: आणि तिचा खेळलेला खेळ? तो गेला असेल का दोनदा काढल्यामुळे?

सी-२०२: बहुतेक नाही. पुष्कळ गेमना स्टीम क्लाउड असतं, म्हणजे खेळाची एक प्रत इंटरनेटवरही राहते. पण एक काळजी घ्या. गेम सुरू करताना कधी कधी विचारतं, या कॉम्प्युटरवरचा खेळ ठेवू की क्लाउडवरचा? तिथे घाईत काहीतरी दाबू नका. दोन्हींसमोर तारीख आणि वेळ असते. नव्याने टाकलेल्या गेमचा खेळ रिकामा असतो, आणि त्याची तारीख मात्र आजची असते. तिने शेवटचं खरोखर कधी खेळलं ते आठवून मगच निवडू द्या.

ए-३०१: हे आधी कळलं असतं तर बरं झालं असतं. तिला वाचून दाखवते.

बी-४०३: कॉपी झालं! १.३ जीबी. पेन ड्राइव्ह माझ्या पर्समध्ये ठेवला.

सी-२०२: वा. आता खरी भीती संपली. ‘सेव्ह्ज’मध्ये त्याच्या किल्ल्याच्या नावाचं फोल्डर असेल. त्यात ‘रीजन’ नावाचं फोल्डर दिसतंय का? ते किती मोठं आहे?

बी-४०३: आहे. तो स्वतः येऊन बसलाय शेजारी. १.१ जीबी म्हणतोय.

सी-२०२: मग त्याला सांगा, तुझा रायगड तिथेच आहे. माइनक्राफ्ट जमीन तुकड्यांमध्ये साठवतं. एक तुकडा १६ बाय १६ ठोकळ्यांचा, आणि असे ३२ बाय ३२ तुकडे मिळून रीजनमधली एक फाइल. म्हणजे एका फाइलमध्ये ५१२ बाय ५१२ ठोकळ्यांची जमीन, वरच्या बांधकामासकट. गेमला जगाची ओळख करून देते ती बाहेरची एक छोटी फाइल, ‘लेव्हल डॉट डॅट’. त्यात जगाचं नाव, वेळ, नियम, खेळाडूजवळचं सामान असतं. गेम दर थोड्या वेळाने ती नव्याने लिहितो. लिहिता लिहिता लाईट गेली की ती अर्धवट राहते. मग गेमला जग ओळखता येत नाही आणि ते यादीत दिसत नाही. दारावरची पाटी पडली म्हणून घर पडत नाही.

बी-४०३: तो रडायचा थांबला. विचारतोय, मग ती फाइल दुरुस्त कशी करायची?

सी-२०२: दुरुस्त करायची नाही, जुनी वापरायची. प्रत्येक वेळी लिहिण्याआधी गेम आधीची प्रत ‘लेव्हल डॉट डॅट अंडरस्कोर ओल्ड’ या नावाने बाजूला ठेवतो. खराब फाइलचं नाव बदलून ‘खराब’ करा, आणि ‘ओल्ड’वालीचं नाव ‘लेव्हल डॉट डॅट’ करा. बस.

बी-४०३: इथे लेव्हल नावाच्या दोन फाइली दिसतायत. एकीच्या नावात ओल्ड आहे, दुसरी नुसती ‘लेव्हल’, डॅट कुठेच लिहिलेलं नाही.

सी-२०२: बरोबर, विंडोज ओळखीच्या प्रकारच्या फाइलींच्या नावाची शेपटी लपवतं. शेपटी न दिसता नाव बदललं तर चूक व्हायची. वर ‘व्ह्यू’मध्ये जा. विंडोज ११ असेल तर ‘शो’, मग ‘फाइल नेम एक्स्टेन्शन्स’वर खूण. विंडोज १० असेल तर ‘व्ह्यू’च्या पट्टीतच ती चौकट आहे.

बी-४०३: हो, आता दिसलं! एक डॅट, एक डॅट ओल्ड. दोन्ही ३ केबी. मग खराब कुठली? तुम्ही अर्धवट म्हणालात ना?

सी-२०२: आकारावर जाऊ नका. लाईट अचानक गेली की फाइलचा आकार नोंदवला जातो, पण आतला मजकूर डिस्कवर पोचलेलाच नसतो. बाहेरून भरलेली दिसते, आत नुसती शून्यं. ओल्डच घ्या, आपल्याकडे पेन ड्राइव्हवर सगळं आहे.

बी-१०४: हे सुरू आहे तोवर एक. माझ्या जुन्या लॅपटॉपवर व्हाइस सिटी होती, ती आता सुरू होते आणि लगेच मिटते. नवीन मॉनिटर जोडल्यापासून. कॉलेजपासूनचे सेव्ह आहेत, काढायची हिंमत होत नाही.

सी-२०२: दादा, काढू नकाच. डॉक्युमेंट्समध्ये ‘जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स’ आहे, त्याची आधी कॉपी घ्या. मग त्यातली ‘डॉट सेट’ने संपणारी फाइल तेवढी उडवा. त्यात फक्त पडदा, आवाज, माउस यांच्या सेटिंग्ज असतात आणि जुन्या पडद्याचं माप तिथेच अडकलेलं असतं. गेम ती नवीन बनवतो. तुमचे सेव्ह ‘डॉट बी’ने संपतात, त्यांना हात लावू नका. चालू झाला की ‘फ्रेम लिमिटर’, म्हणजे गेमचा वेग मर्यादेत ठेवणारी सेटिंग, ऑन ठेवा. पीसीवर २००३ मध्ये आलेला गेम आहे, आजच्या मशीनच्या वेगाने सोडला की गाड्या नीट चालत नाहीत.

बी-१०४: आत्ता करतो.

सी-२०२: मला हे लिहायचंच होतं ग्रुपवर. माझ्या धाकट्या भावाने बारावीच्या सुट्टीत एका गेममध्ये अख्खं शहर वसवलं होतं. कॉम्प्युटर हळू चालतो म्हणून घरी माणूस बोलावला, त्याने अर्ध्या तासात फॉरमॅट करून दिला. मशीन छान पळायला लागलं. भावाने त्यानंतर तो गेम कधी उघडला नाही. मोठ्यांना ‘गेमच तर आहे’ वाटतं, पण मुलाने त्यात महिने घातलेले असतात. घरी दुरुस्तीला कोणी आलं तर आधी सांगा, अमुक फोल्डर कॉपी करा, मग हात लावा. आणि विंडोजच्या स्टोअरवरून घेतलेला गेम असेल तर सेटिंग्जमध्ये दोन बटणं शेजारी शेजारी असतात, ‘रिपेअर’ आणि ‘रिसेट’. रिपेअरने आतला डेटा राहतो. रिसेटने त्या ॲपचा डेटा पुसला जातो. पहिलंच दाबायचं.

बी-४०३: उघडला!!! रायगड दिसतोय यादीत! उघडला! महादरवाजातून आत गेला, पळत जगदीश्वराच्या देवळापर्यंत जाऊन आला. सगळं आहे.

बी-४०१: 🙏🙏 इथपर्यंत आवाज आला काकू!

ए-१०२: फार बरं वाटलं. आता जेवायला वाढा त्याला.

बी-४०३: म्हणतोय शेवटचं सामान हातात नाही. मशालींसाठी कोळसा जमवला होता, तो गेला.

सी-२०२: ते जुन्या प्रतीमुळे. हातातलं सामान काही मिनिटं मागे गेलं असणार. आता त्याला सांगा, यादीत जग निवडून ‘एडिट’, आणि आत ‘मेक बॅकअप’. गेम स्वतःच झिप करून ‘बॅकअप्स’ फोल्डरमध्ये ठेवतो. दर रविवारी ती झिप पेन ड्राइव्हवर. त्याच डिस्कवर ठेवून उपयोग नाही.

बी-४०३: त्याने आत्ताच केलं. दुकानाला उद्या येऊ नका कळवलं. एक प्रश्न राहिला. आमच्याकडे इन्व्हर्टर आहे, तरी कॉम्प्युटर बंद का पडला?

सी-२०२: इन्व्हर्टरवर यूपीएस मोडचं बटण आहे का बघा, बहुतेक वेळा मागच्या बाजूला असतं. साध्या मोडमध्ये लाईट गेल्यावर बॅटरीवर यायला जो क्षण लागतो, तेवढ्यात पंखा चालू राहतो पण डेस्कटॉप बंद पडतो. यूपीएस मोडमध्ये तो बदल लवकर होतो. तरी पडत असेल तर कॉम्प्युटरसाठी वेगळा छोटा यूपीएस घ्या.

बी-१०४: व्हाइस सिटी चालू झाली. सेव्ह सगळे आहेत. धन्यवाद दादा.

ए-३०१: आमचं व्हेरिफायने झालं. एकच फाइल खराब निघाली.

सचिव: सर्वांना नमस्कार. सी-२०२, आपले आभार. हे सगळं एकत्र लिहून द्याल का? खालच्या नोटीस बोर्डवर लावतो, ग्रुपवर नसलेल्यांनाही उपयोगी पडेल. दुसरं, उद्या गुरुवार, वीज दुरुस्तीसाठी सकाळी १० ते दुपारी २ लाईट नाही. जनरेटर फक्त लिफ्ट आणि पाण्याच्या पंपाला आहे.

बी-४०३: कळलं सर. कॉम्प्युटर बंद करून प्लग काढून ठेवलाय. तो म्हणतोय परवा शाळेतून आल्यावर कोळसा परत जमवणार, आणि दिवाळीपर्यंत नगारखाना पूर्ण करणार.

सी-२०२: रविवारी बघायला येतो म्हणावं.