गेम बदलला, कॅटेगरी तीच राहिली: चालतं की नाही?

मिणमिणता:
परवा रात्री ट्विचवर (गेम खेळताना थेट प्रक्षेपण करायची साइट) माझ्या स्ट्रीमवर झालेला प्रकार आधी सांगतो, मग भांडायला घेतो.

आदल्या दिवशी व्हॅलोरंट, तो गोळीबाराचा ऑनलाइन गेम, खेळलो होतो. परवा टेट्रिस घेऊन बसलो. ओबीएस (स्ट्रीमिंगचं सॉफ्टवेअर) चालू केलं, माइक तपासला, टायटलमध्ये 'आज शांतपणे ठोकळे' असं लिहिलं आणि लाइव्ह गेलो. कोणता गेम चालू आहे ते दाखवणाऱ्या कॅटेगरीकडे बघितलंच नाही. ती व्हॅलोरंटच राहिली, पावणेदोन तास. एक जण आला, चॅटमध्ये विचारलं, 'राउंड कधी सुरू?' मला वाटलं थट्टा करतोय. मी म्हटलं, 'चालूच आहे की.' तो गेला. दुसऱ्याने नुसतं प्रश्नचिन्ह टाकलं आणि गेला. मग नेहमीच्यांपैकी एकाने कळवलं, 'दादा, तू व्हॅलोरंटमध्ये ठोकळे लावतोयस.'

माझं म्हणणं असं. गेम बदलला की कॅटेगरी बदलायची, तेव्हाच्या तेव्हा. अर्धा तास नुसत्या गप्पाच मारायच्या असतील तर 'जस्ट चॅटिंग'मध्ये जायचं. मोठ्या गेमच्या नावाखाली मुद्दाम भलतंच दाखवणं ही फसवणूक आहे, प्रेक्षक तीन असोत नाहीतर तीन हजार. ट्विचच्या नियमांतही टायटल, टॅग, कॅटेगरी यांचा मुद्दाम चुकीचा वापर करायला मनाई आहे, पण नियम बाजूला ठेवू. कॅटेगरी म्हणजे दारावरची पाटी. पाटी वाचून आत आलेला माणूस वेडा ठरला, हे मला लागलं.

बोला.

फावल्या_वेळात:
पाटीचा दाखला आलाच. असहमत, आणि जरा वैतागून असहमत.

मी आठवड्यातून दोन रात्री, पोरं झोपली की, दोन तास स्ट्रीम करतो. प्रेक्षक चार. त्यातला एक मीच, मोबाइलवरून आवाज ऐकायला. त्या दोन तासांत तीन गेम होतात, कारण एकही धड जमत नाही. दर वेळी गेम थांबवा, ब्राउझर उघडा, नाव शोधा, सेव्ह करा. ऑनलाइन गेम थांबतही नाही, परत येईपर्यंत मी मेलेलो असतो.

आणि फसवणूक कुणाची? मोठ्या कॅटेगरीतली यादी प्रेक्षकसंख्येप्रमाणे लावली की चार प्रेक्षकवाला किती खाली जातो ते एकदा बोटाने सरकवून बघा. तिथपर्यंत जो पोचला तो चुकून आलेला नसतो, चिकाटीने आलेला असतो. त्याला टेट्रिसही चालेल.

जे चौघं येतात ते माझी बडबड ऐकायला येतात. गेम हे निमित्त.

मिणमिणता:
चौघं तुमच्यासाठी येतात हे मान्य. पाचवा कुठून येणार? त्याला तुमचं नाव माहीत नाही, फक्त गेमचं माहीत आहे.

फावल्या_वेळात:
पाचवा हवा कुणाला आहे?
(हवा आहे. पण तेवढ्यासाठी दर पाऊण तासाला फॉर्म भरायची तयारी नाही.)

तिसरीघंटा:
मी दोन चॅनेलवर मॉड (चॅट सांभाळणारी) आहे, एकावर एडिटरही (चॅनेलची माहिती बदलायची मुभा असलेली). फावल्या_वेळात, तुमची निम्मी तक्रार यंत्रणेची आहे, तत्त्वाची नाही. ओबीएसला ट्विच खातं जोडलंत की स्ट्रीमच्या माहितीची खिडकी तिथेच लावून ठेवता येते, ब्राउझर लागत नाही. चॅटमध्ये बॉट (आपोआप कामं करणारा प्रोग्रॅम) असेल तर '!गेम' धाटणीच्या कमांडने एका ओळीत काम होतं. आणि चौघांतल्या एका भरवशाच्या माणसाला एडिटर करा, तुम्ही मरत असताना तो बदलेल.

आता मूळ मुद्दा. सगळे आत्ता कोण बघतंय एवढंच धरून बोलताय. स्ट्रीम संपल्यावर काय होतं ते मला निस्तरावं लागतं म्हणून सांगते. रेकॉर्डिंगमध्ये जिथे जिथे कॅटेगरी बदलली तिथे ट्विच आपोआप नवं प्रकरण (चॅप्टर) पाडतं. चार तासांचं रेकॉर्डिंग असेल तर बघणारा थेट हव्या त्या गेमवर जातो. कॅटेगरी बदललीच नाही तर चार तासांची एकच सलग पट्टी. क्लिपांचंही (स्ट्रीममधून कापलेल्या छोट्या तुकड्यांचं) तेच, ज्या क्षणी जी कॅटेगरी लागलेली असेल तिच्याखाली क्लिप जाते. आमच्या एका स्ट्रीमरने आधी बुद्धिबळ खेळून घेतलं, मग दुसऱ्या गेममधला शेवटचा बॉस (सगळ्यात तगडा शत्रू) एकही फटका न खाता मारला. सहा महिन्यांची मेहनत. ती क्लिप आजही बुद्धिबळाखाली पडून आहे. ती बघून एकाने विचारलंही, 'घोडा कुठाय?'

अजून एक, ज्याकडे कुणी बघत नाही. २०२३ पासून ट्विचवर आशयाची लेबलं आहेत. मोठ्यांसाठीच असलेल्या गेमची कॅटेगरी निवडली की त्याचं लेबल आपोआप लागतं. म्हणजे टेट्रिसची कॅटेगरी ठेवून तुम्ही रक्ताचे सडे घालणारा गेम सुरू केलात तर लेबल लागणार नाही. त्या पाटीवरून कुणी पोराला समोर बसवलं तर? व्हॅलोरंटमध्ये टेट्रिस दिसणं हा विनोद झाला, पण उलटं झालं तर मला हसू येणार नाही.

फावल्या_वेळात:
लेबलाचं डोक्यात नव्हतं. तेवढ्यापुरतं मान्य. बाकी ठाम.

उंटावरचा:
इथे सगळे कॅटेगरी प्रेक्षकाच्या सोयीसाठी असते असं धरून चाललेत. जरा इतिहास बघा.

ट्विच २०११ मध्ये निघालं तेच गेमिंगचा भाग जस्टिन टीव्ही या थेट प्रक्षेपणाच्या साइटपासून वेगळा काढून. सुरुवातीला गेम सोडून बोलायलाही जागा नव्हती. मग २०१५ मध्ये 'क्रिएटिव्ह' आली, २०१६ च्या अखेरीस 'आयआरएल' (खऱ्या आयुष्यातलं) आली, २०१८ मध्ये त्या मोडून 'जस्ट चॅटिंग' आणि बाकीची पिल्लं निघाली. म्हणजे लोक आधी भलत्या जागी बसले, आणि मग त्यांच्या बुडाखाली खुर्ची सरकवली गेली. कॅटेगऱ्या चुकीच्या जागी बसणाऱ्यांमुळेच वाढतात, मिणमिणता साहेब. तुमच्यासारखे शिस्तीचे सगळेच असते तर अजून गेमच बघत बसलो असतो.

२०२१ च्या मे महिन्यातलं आठवा. पोहण्याच्या तलावात आणि गरम पाण्याच्या टबात बसून स्ट्रीम करणाऱ्यांवरून गदारोळ झाला, तर त्यांना 'जस्ट चॅटिंग'मधून उचलून स्वतंत्र कॅटेगरी दिली. तेव्हा सांगितलेल्या कारणांत हेही होतं की जाहिरातदारांना कोणत्या कॅटेगरीत जाहिरात द्यायची ते निवडता येतं. तेव्हा ही पाटी कुणाच्या दारावरची, त्याचा विचार करा.

आणि कॅटेगरी अक्षरशः बरोबर असली तरी ती उपयोगाची असतेच असं नाही. जीटीए ५ हा २०१३ चा गेम. त्याची कॅटेगरी उघडा आणि मूळ कथा खेळणारा माणूस शोधून दाखवा. वरच्या रांगांत बहुतेक रोलप्ले सर्व्हर: कुणी पोलीस झालंय, कुणी गॅरेज चालवतंय, दोन तास गोळी सुटत नाही. कॅटेगरी शंभर टक्के बरोबर. कथा बघायला आलेल्याचा पोपट झालाच ना?

मिणमिणता:
जीटीएचं उदाहरण चपखल आहे, पण ते माझ्या बाजूचं आहे. तिथे टॅग आणि टायटल आहेत की. 'रोलप्ले' असा टॅग लावला की झालं. टॅग हल्ली आपल्या मनाने लिहिता येतात, दहापर्यंत. कॅटेगरीने काय खेळतोय ते सांगायचं, टॅगने कसं खेळतोय ते.

जाहिरातदारांचं म्हणाल तर असेल. रस्त्यावरचे दिवे कुणाच्या पैशाने लागतात यावर मी अंधारात चालायचं ठरवत नाही.

उंटावरचा:
टॅग बघून स्ट्रीम निवडणारा माणूस मला अजून भेटायचाय.

बघ्या:
भेटा. मी निवडतो.

मी स्ट्रीम करत नाही, फक्त बघतो, तेव्हा या धाग्यात माझ्यासारख्याचं मत कुणी विचारलेलं नाही हे लक्षात आलंय. एक कथेचा गेम मी स्वतः खेळत होतो, शेवटाच्या अगदी जवळ. त्यामुळे त्या गेमची कॅटेगरी दिसली की मी डोळे मिटून पुढे जायचो. एका रात्री एका ओळखीच्या चॅनेलवर 'जस्ट चॅटिंग' दिसलं म्हणून गेलो. स्ट्रीमरने गप्पा संपवून तोच गेम सुरू केला होता आणि कॅटेगरी बदलली नव्हती. पडद्यावर शवपेटी. कुणाची ते मला तीन सेकंदांत कळलं.

मी काही बोललो नाही. काय बोलणार? माझे तीस तास गेले आणि त्यांना पत्ताही नाही.

चुकीची कॅटेगरी म्हटलं की तुम्हाला फक्त भलत्या जागी आलेला माणूस दिसतो. मी भलत्या जागी गेलो नव्हतो, मी मुद्दाम टाळत होतो. टाळणाऱ्यालाही ती पाटी लागते.

उंटावरचा यांनी सांगितलेल्या 'भलत्या जागी बसणाऱ्यां'चा शेवट कुठे होतो तेही बघितलंय. २०१९ च्या मे महिन्यात व्हॉल्व्ह कंपनीच्या आर्टिफॅक्ट या पत्त्यांच्या गेमची कॅटेगरी जवळपास ओस पडली होती. गेम येऊन जेमतेम सहा महिने झाले होते. रिकामी जागा बघून आधी टवाळखोर घुसले, मग अख्खे सिनेमे, मग अश्लील आणि हिंसक चित्रफिती. शेवटी ट्विचला नव्या खात्यांचं स्ट्रीमिंगच काही काळ थांबवावं लागलं. त्या दिवसांत खरोखर आर्टिफॅक्ट खेळणारे जे मूठभर होते, त्यांनी कुठे जायचं होतं?

फावल्या_वेळात:
बघ्या, शवपेटीबद्दल सहानुभूती. मनापासून.

पण आर्टिफॅक्ट आणि माझी विसरलेली कॅटेगरी एकाच तागडीत घालू नका. तिथे लोक ठरवून घाण करत होते. आणि बरोबर कॅटेगरी लावली की माणूस प्रामाणिक, हेही तितकंच खोटं. मिणमिणता यांच्याच लाडक्या व्हॅलोरंटचं घ्या. एप्रिल २०२० मध्ये बंद बीटा (निवडक लोकांसाठीची चाचणी आवृत्ती) आला, आणि त्याचं आमंत्रण मिळवायला ट्विचवर त्याच्या स्ट्रीम बघत बसायचं होतं. प्रेक्षकांचा पूर आला. मग काय, स्ट्रीमर झोपायला गेले आणि जुनं रेकॉर्डिंग रात्रभर चालू. कॅटेगरी बरोबर, गेम तोच, टॅग व्यवस्थित, आणि समोर माणूसच नाही. यांना पास करणार आणि मला नापास?

मिणमिणता:
त्यांनाही नापासच करीन. पण गुन्हा वेगळा आहे, कॅटेगरीच्या कलमाखाली बसत नाही :)

जुनीकाडतुसं:
उशिरा आलो. माझा प्रश्न या सगळ्यांच्या अलीकडचा आहे: बरोबर म्हणजे कोणती?

मी जुने, कुणी नाव न ऐकलेले गेम खेळतो. त्या गेमच्या स्वतःच्या कॅटेगरीत मी एकटा असतो. एकटा म्हणजे एकटाच, यादीत पहिला आणि शेवटचाही. तोच गेम 'रेट्रो' या कॅटेगरीत लावला तर दोन-चार जण डोकावतात. गेम जुनाच आहे, म्हणजे खोटं काहीच नाही. पण मिणमिणता यांच्या नियमाने मी गेमचं नाव लपवलं. मग हे बरोबर की चूक?

दुसरं. सुपर मारिओ वर्ल्डचे लोकांनी घरी बनवलेले अतिकठीण अवतार असतात, 'कायझो' म्हणतात त्यांना. बहुतेक जण ते मूळ गेमखालीच लावतात. साध्या मारिओच्या आठवणी काढत आलेला माणूस बघतो तर समोर दर चार सेकंदांना मरण. पण दुसरीकडे लावायचं कुठे? दर अवताराची कॅटेगरी नसते.

आणि कॅटेगरीच नसली तर? ट्विचने २०१९ मध्ये आयजीडीबी हा गेमांचा माहितीसाठा विकत घेतला. यादीत नसलेला गेम आधी तिथे नोंदवायचा, मग तो ट्विचच्या यादीत उतरतो. मी असे काही गेम नोंदवलेत. नोंदवायचं म्हणजे गेम कोणी काढला, कोणत्या वर्षी, कोणत्या यंत्रावर चालतो ते सगळं शोधा, मुखपृष्ठाचं चित्र मिळवा. एकदा माझ्याकडच्या कॅसेटच्या डबीचा फोटो काढायला बसलो तर प्लास्टिकवर दिव्याचं प्रतिबिंब पडत होतं. शेवटी दिवा बंद करून खिडकीच्या उजेडात काढला. त्या रात्री स्ट्रीम झालीच नाही. पण आता तो गेम यादीत आहे. कधीतरी कुणीतरी नाव टाइप करेल आणि ते खाली उमटेल, याचा मला बॉस मारण्यापेक्षा जास्त आनंद आहे. फावल्या_वेळात हसणार, हसा.

फावल्या_वेळात:
हसत नाहीये. कोणता गेम ते सांगा, येतो बघायला.

तिसरीघंटा:
जुनीकाडतुसं, माझं मत: एकटेच असाल तर रेट्रो लावा आणि टायटलमध्ये गेमचं पूर्ण नाव घाला. शोधणारा नावाने शोधतो, भटकणारा रेट्रोत भटकतो. कायझोला मूळ गेम आणि टॅग. मारिओची कॅटेगरी उघडणाऱ्याला ते मरण पाठ असतं, त्याची काळजी नको.

मिणमिणता:
रेट्रोबद्दल माघार घेतो. मी 'गेमचं नाव म्हणजेच बरोबर' असं धरून चाललो होतो. ते जुनीकाडतुसं यांच्या बाबतीत टिकत नाही. गप्पांचा अर्धा तासही फार कडक झाला, गेम सुरू व्हायची वाट बघत जो बोलतो त्याने उगाच इकडून तिकडे उड्या मारू नयेत.

मुद्दाम मोठ्या गेमखाली बसणाऱ्यांबद्दल मात्र एक शब्द मागे घेणार नाही. आणि बघ्याच्या शवपेटीनंतर विसरणाऱ्यांबद्दलही जरा कमीच दया येतेय, त्यात मी स्वतः आलो. मॉनिटरच्या कडेला चिठ्ठी चिकटवली आहे: 'माइक. टायटल. कॅटेगरी.'

फावल्या_वेळात, तुम्ही निदान तो बॉट तरी लावून बघा.

फावल्या_वेळात:
लावला, कालच. तिसरीघंटा म्हणाल्या म्हणून.

पहिल्याच रात्री कमांड देऊन 'टेट्रिस' लिहिलं, त्याने 'टेट्रिस इफेक्ट' लावलं. खेळत होतो तिसराच कुठलातरी टेट्रिस. चौघांपैकी दोघं त्यावरून वीस मिनिटं भांडले, आणि मी त्यांचं ऐकण्याच्या नादात हरलो. तेवढा वेळ स्ट्रीम 'जस्ट चॅटिंग'मध्ये टाकायला हवी होती का?

मिणमिणता:
हो.

उंटावरचा:
नाही.