‘एकांत’ एकट्याचा की दोघांचा?

पाणंदकर: ज्येष्ठांसाठीच्या एका इंग्रजी पत्रकाचं मराठी करतोय. मथळा ‘शहरातला एकांत’ असा केला. राजारामपुरीतल्या आमच्या मावशींनी वाचला आणि तोंडाला पदर लावला. "ह्या वयात कशाला रे एकांत?" दुसरा शब्द सुचवा.

रंकाळा_चौपाटी: मावशींचं बरोबर आहे. ‘नव्या जोडप्याला जरा एकांत द्या’ म्हणतोच आपण. एकांताला माणसं दोन लागतात. संध्याकाळी रंकाळ्यावर बघून या.

ऱ्हस्वदीर्घ: ही नंतरची लाडीगोडी. एक अधिक अंत, म्हणजे एका बाजूची निवांत जागा. तुकोबांना ‘रुचे एकांताचा वास’, तो काय दोघांचा? तुमच्या पत्रकात दुःख आहे, तिथे ‘एकाकीपणा’च हवा.

मंगळवारपेठ: त्याच अभंगात वृक्षवल्ली सोयरी झाल्यात की! आणि ‘एकाकीपणा’ बोलतंय कोण? आमची आज्जी म्हणते, "मला करमंना झालंय." विषय संपला.

ऱ्हस्वदीर्घ: करमणे म्हणजे वेळ जाणे. मूळ ‘क्रमणे’; कालक्रमणा त्यातलीच. ज्याला करमत नाही त्याला टीव्ही लावून द्यावा. एकाकी माणसाला तो पुरत नाही.

मंगळवारपेठ: आज्जीपुढं टीव्ही दिवसभर चालूच असतोय, तरी करमंना. ‘तुझ्याशिवाय करमत नाही’ हे काय वेळ जात नाही म्हणून म्हणतात होय?

वऱ्हाडी_पाहुणा: आमच्याकडे ‘गमत नाही’. कोल्हापुरात नवा होतो तेव्हा खोलीवरच्या मित्राला तसं म्हणालो. त्याला ऐकू आलं ‘गंमत नाही’. सिनेमाला घेऊन गेला बिचारा. तेवढ्यापुरतं गमलंही.

पाणंदकर: आज्जींचं पटतंय, पण मथळ्याला नाम पाहिजे. ‘करमत नाही’चं नाम कसं करू? ‘अकरमणूक’?

ऱ्हस्वदीर्घ: देवा.

रंकाळा_चौपाटी: नाम कशाला? ‘करमंना झालंय?’ असं थेट विचारा. खाली लिहा, गंगावेशीत दूध कट्ट्यावर या. म्हशीची धार काढताना बघत उभं राहिलं की शेजारचा बोलतोयच. निरसं दूध, ताजा फेस, वर फुकट गप्पा.

ऱ्हस्वदीर्घ: निरसं म्हणजे न तापवलेलं, ते सकाळचं गार झालेलंही असेल. पुढ्यात काढलेलं ते धारोष्ण.

मंगळवारपेठ: ‘धारोष्ण द्या’ म्हणून बघा एकदा कट्ट्यावर. आणि कट्टा शब्द कानडी ‘कट्टे’वरनं आलाय, तो चालतोय न्हवं तुम्हाला?