ला स्पेत्सियाला जहाज थांबतंय : चिंक्वे तेर्रेचा गाइडेड वॉक आईबाबांना झेपेल का?

निशिगंध_नाशिक

मंडळी, सल्ला हवाय. जूनच्या शेवटच्या आठवड्यात आम्ही चौघं (मी, नवरा, माझे आईबाबा) बार्सिलोनाहून क्रूझवर निघतोय. त्यात एक दिवस इटलीत ला स्पेत्सियाला थांबा आहे, सकाळी ८ ते संध्याकाळी ६. जहाजाच्या ॲपवर तिथली एक सहल दिसतेय : गाइडबरोबर चिंक्वे तेर्रेच्या (समुद्रकाठच्या डोंगरात वसलेली पाच गावं) किनाऱ्याने चालायचं, त्यातल्या मॉन्तेरोस्सो ते व्हर्नात्सा या दोन गावांमधे, आणि मग ट्रेनने परत. पुढे लिहिलंय 'श्रम : मध्यम'. बाकी नुसते फोटो. माणशी सव्वाशे युरोच्या वर.

बाबा ६८ चे. दर रविवारी पांडवलेणी चढतात आणि खाली येऊन मिसळ खातात, त्यांची चिंता नाही. आई ६४. सपाटीवर तासभर सहज चालते, भाजीच्या दोन पिशव्या घेऊन. पण डाव्या गुडघ्याची झीज झालीय. जिना उतरताना कठडा धरून, आधी डावा पाय खाली, मग उजवा त्याच्या शेजारी, असं एकेक पायरी. तिला विचारलं तर म्हणाली, "तुम्ही सगळे जाताय ना, मग मी येते की." आता याचा अर्थ 'हो' की 'नको', हे ज्याच्या त्याच्या घरी ज्याने त्याने ओळखावं.

तर हे 'मध्यम' म्हणजे किती? आणि जहाजाकडूनच घ्यावं की आपलं आपण जावं? नवऱ्याच्या मते एवढे पैसे म्हणजे लूट आहे. आम्ही शाकाहारी आहोत, तेही एक आहेच.

भटका_कोथरूड

नवरा बरोबर बोलतोय. गाइड कशाला? वाट एकच आहे, समुद्र डावीकडे किंवा उजवीकडे, चुकणार कुठे? स्टेशनवर चिंक्वे तेर्रे कार्ड घ्यायचं, ट्रेन आणि पायवाट दोन्ही त्यात येतात. आम्ही दोघांनी पाचही गावं एका दिवसात उरकली. आईंना गावात एखाद्या कॅफेत बसवा, तुम्ही चालून या. खर्च निम्म्याहून कमी.

आचऱ्याचो_बाबू

ताई, मी बरीच वर्षं जहाजांवर शोअर एक्सकर्शनच्या, म्हणजे बंदरावरच्या सहलींच्या, डेस्कला होतो. आता आचऱ्याला घरी असतो, कलमं बघतो. ला स्पेत्सियाच्या या सहलीची तिकिटं मी विकलीत, सकाळी थिएटरात बसवून लोकांच्या छातीवर नंबरचे स्टिकर लावलेत आणि संध्याकाळी त्याच लोकांच्या तक्रारीही ऐकल्यात. म्हणून जरा लांबण लावतो.

आधी ते 'मध्यम'. आमच्याकडे श्रमाचे तीन शिक्के असायचे, आणि जगभरच्या शेकडो सहली त्या तीन डब्यांत कोंबायच्या. रोमच्या दगडी रस्त्यांवरून तीन तास हिंडणं मध्यम, आणि हा डोंगरातला पट्टाही मध्यम. त्या शब्दावरून आईंसाठी काहीच ठरवता येणार नाही. किलोमीटरही विचारू नका. मॉन्तेरोस्सो ते व्हर्नात्सा साडेतीन किलोमीटरच्या आसपास आहे, चालायला साधारण दोन तास. आकडा ऐकून माणूस म्हणतो, एवढंच ना! संध्याकाळी डेस्कवर येणाऱ्यांपैकी अंतराबद्दल कुरकुरणारा मला आठवत नाही. सगळे पायऱ्यांबद्दल बोलायचे.

विचारायचं ते हे : सुरू केल्यावर मधे सुटका कुठे आहे? या वाटेला सुटका नाही. मधे गाडीरस्ता येत नाही, स्टेशन नाही, रिक्षा सोडाच. दोन टोकं तेवढी, आणि मधल्या कुठल्याही जागेवरून एका टोकाला पायीच यायचं. कोणी खरंच आडवं झालं तर स्ट्रेचर, नाहीतर हेलिकॉप्टर.

वाट कशी आहे ते सांगतो. मॉन्तेरोस्सोहून निघताना थोडा वेळ समुद्राच्या कडेने छान फरसबंदी. लोक फोटो काढतात, खूश असतात. मग लिंबांच्या बागा आणि द्राक्षांच्या मळ्यांमधून पायऱ्या लागतात, आणि त्या लागल्या की लागल्या. पायऱ्या म्हणजे बसवलेले दगड. एक वीतभर उंच, पुढचा गुडघ्याला येणारा, तिसरा पुढे कललेला. कठडा काही ठिकाणी आहे, बऱ्याच ठिकाणी नाही. रुंदी एका माणसाची. समोरून घोळका आला की एकाने भिंतीला पाठ लावून उभं राहायचं. (त्या भिंती मात्र बघण्यासारख्या. चुना नाही, सिमेंट नाही, दगडावर दगड. आपल्याकडचे गडगेच, फक्त डोंगर पायथ्यापासून माथ्यापर्यंत गडग्यांनी बांधून काढलेला. द्राक्षं वाहायला मळ्यांतून एकाच रुळावर चालणारी इवलीशी गाडी असते, तिचा रूळ बाबांना नक्की दाखवा. १९९७ साली युनेस्कोने या पट्ट्याला जागतिक वारसा म्हटलं त्यात गावांइतकाच वाटा या भिंतींचा आहे.)

चढावर दम लागतो, पण थांबलं की तो परत येतो. तुमच्या आईंचा प्रश्न शेवटच्या टप्प्यात आहे. व्हर्नात्साचं बंदर आणि बुरूज खाली दिसायला लागतो, सगळे "वा वा" करतात, आणि तिथून खाली गावापर्यंत उतार. तुम्ही लिहिलंत तसं एकेक पायरी दोन्ही पाय टेकत त्या उतरणार, मागे पंचवीस माणसं, अरुंद वाट. कोणी काही बोलणार नाही, पण त्यांना ते कळणार आणि त्या घाई करणार. पाय मुरगळतो तो तिथेच. आईंना हा वॉक नको. माझ्याकडून स्पष्ट नाही.

आता जहाजाकडून की आपलं आपण. भटका साहेबांचं पैशाचं गणित खरं आहे, वाट चुकत नाही हेही खरं. पण गाइडचे पैसे वाट दाखवायचे नसतातच. जहाजाची सहल उशिरा परतली तर जहाज थांबतं, किंवा पुढच्या बंदरात पोचवायची जबाबदारी त्यांची. तुम्ही स्वतः गेलात आणि ट्रेन अडकली तर जहाज निघतं. मी डेकवरून बघितलंय, धक्क्यावर हात हलवत पळणारी माणसं. मागे राहणाऱ्यांचे पासपोर्ट काढून आम्ही बंदरावरच्या एजंटाकडे देत असू, पुढचं विमान, हॉटेल त्यांचं त्यांनी बघायचं. ६ ला सुटणार म्हणजे तुम्ही साडेपाचपर्यंत जहाजात हवं, वेळ रोजच्या पत्रकात नीट बघा. आणखी एक, धक्क्यावरून थेट गावात चालत जाता येत नाही. बंदराच्या आत शटल बसने गेटपर्यंत, आणि तिथून स्टेशन पायी वीस-पंचवीस मिनिटं. परत येताना हे सगळं उलट्या क्रमाने, दमलेल्या पायांनी.

माझी वाटणी अशी : बाबा आणि जावईबापू जहाजाच्या वॉकला. तुम्ही आणि आई स्वतंत्र, आरामात ट्रेनने, आणि साडेतीनच्या आत ला स्पेत्सियाला परत. आईंसाठी व्हर्नात्सा चांगलं. स्टेशनातून बाहेर पडलं की गावचा मुख्य रस्ता हळूहळू उतरत बंदरापर्यंत जातो. कॉर्निल्याला मात्र नेऊ नका. ते गाव कड्यावर आहे आणि स्टेशन खाली, मधे पावणेचारशेच्या वर पायऱ्या. छोटी बस असते, पण तिच्या रांगेत उन्हात उभं राहण्यापेक्षा ते गाव सोडलेलं बरं.

आणि बोटीचं कोणी सुचवेल. कॉर्निल्या सोडून बाकी गावांना बोट लागते, दिसतंही सुंदर. पण बोट नाक खडकाला टेकवते आणि पुढून एक अरुंद फळी टाकतात. जरा लाट असली की फळी खालीवर. मी दर्याकाठचा माणूस, मला काय वाटत नाही, पण गुडघ्यावाल्या माणसाला त्या फळीवरून चालवू नये.

मुग्धा_जेनोआ

बाबूंनी जवळजवळ सगळं लिहिलंय. मी जेनोआला राहते, भारतातून पाहुणे आले की चिंक्वे तेर्रेची वारी ठरलेली. थोडी भर घालते.

निशिगंध, आईंसाठी 'विया देल्लामोरे' बघ. रिओमाज्जोरे ते मानारोला, समुद्राच्या वर कड्यात कोरलेली वाट, एक किलोमीटरही नाही, फरसबंद, कठडा आहे आणि जवळजवळ सपाट. सप्टेंबर २०१२ मध्ये दरड कोसळून चार पर्यटक जखमी झाले, तेव्हापासून ती बंद होती. २०२४ च्या उन्हाळ्यात उघडली. आता वेळ ठरवून ऑनलाइन बुकिंग करावं लागतं, आणि जायचं रिओमाज्जोरेच्या बाजूने. ला स्पेत्सियाहून पहिलंच गाव रिओमाज्जोरे, ट्रेनने दहा मिनिटंसुद्धा लागत नाहीत. आधी हे करा, मग मानारोलाहून ट्रेन पकडून व्हर्नात्सा.

भटका यांचं कार्डाबद्दल बरोबर आहे, फक्त स्टेशनवर घेऊ नका. जहाज लागलेल्या दिवशी त्या खिडकीसमोरची रांग बघून सकाळ तिथेच संपते. ऑनलाइन घ्या. नुसत्या पायवाटांचं कार्ड वेगळं आणि ट्रेनसकट वेगळं, ते नीट बघून. बाबा सहलीबरोबर जात असतील तर त्यांचं कार्ड सहलीतच असेल, पण विचारून घ्या. गर्दीच्या ठरावीक दिवशी त्या वाटेवर सकाळी एकतर्फी नियम असतो, मॉन्तेरोस्सोकडून व्हर्नात्साकडे. म्हणून बहुतेक ग्रुप त्याच दिशेने येतात.

चपलांचं गंभीरपणे घ्या. पायवाटांवर स्लिपर आणि गुळगुळीत तळव्याचे बूट चालत नाहीत, दंड आहे. माझ्या एका पाहुण्या काकांनी नवी कोरी कोल्हापुरी घालून यायचा हट्ट धरला होता. त्यांना मी मॉन्तेरोस्सोच्या वाळूवर बसवलं.

जूनअखेरीला अकरानंतर ऊन भाजतं, त्या चढावर सावली तुटक. टोप्या हव्यातच. गावांत पिण्याच्या पाण्याचे नळ आहेत, बाटल्या भरून घ्या, वाटेवर भरवशाचं काही नाही. पाऊस जोराचा येणार असेल तर वाटा सरळ बंद करतात. २५ ऑक्टोबर २०११ ला व्हर्नात्साच्या त्याच मुख्य रस्त्यावरून चिखलाचा लोंढा आला आणि दुकानं छतापर्यंत गाडली गेली, तेव्हापासून इथे कोणी हयगय करत नाही.

आणि रेल्वेचा संप! इथे संप आधी जाहीर होतो, त्यामुळे निघायच्या आठवड्यात तारीख तपासा. संपाच्या दिवशी कामकाजाच्या वारी सकाळी ६ ते ९ आणि संध्याकाळी ६ ते ९ या वेळातल्या ठरावीक गाड्या धावतात. तुमचं जहाज ६ लाच सुटतंय, म्हणजे त्या दिवशी स्वतंत्र जाणं बाद.

खाणं : फारिनाता मागा. बेसन, पाणी, ऑलिव्ह तेल, मीठ, भट्टीत भाजलेलं, कडा कुरकुरीत. आईंना नक्की आवडेल. साधा फोकाच्चा (चपटा पाव) सगळीकडे मिळतो. पेस्तो (बेसिलची हिरवी चटणी) घातलेला पास्ता शाकाहारी दिसतो, पण त्यातल्या पार्मिजानो चीजला दूध घट्ट करायला वासराच्या जठरातलं रेनेट वापरतात. तुमच्या घरी ते चालतं का, तुम्ही ठरवा. मॉन्तेरोस्सो अँचोवी माशांसाठी प्रसिद्ध आहे आणि ते मासे कशावरही येऊन बसतात, म्हणून ऑर्डर देताना 'सेन्त्सा अच्चूगे' (अँचोवीशिवाय) म्हणायचं.

भटका_कोथरूड

ठीक आहे, आमचे गुडघे चाळिशीतले होते हे मान्य. पण स्टिकर लावून, काठीवरच्या पाटीमागे मेंढरासारखं चालायला मला अजूनही जमणार नाही.

आचऱ्याचो_बाबू

भटका साहेब, तुमच्यासारख्यांना मी तिकीट विकायचा प्रयत्नच करत नसे. उगाच बसमध्ये गाइडशी वाद.

निशिगंध_नाशिक

सगळ्यांना मनापासून धन्यवाद! ठरलं, बाबा आणि नवरा वॉकला, मी आणि आई विया देल्लामोरे. नवऱ्याला 'जहाज थांबतं' हा मुद्दा पटला, बाकी कशानेही पटला नसता. आईला सांगितलं, तर पहिला प्रश्न : "तिथे फक्त आपण दोघीच ना?" आवाजात बराच आनंद होता.

दोन शेवटचे प्रश्न. व्हर्नात्साला आम्ही चौघं एकत्र भेटून, तिथून चौघंही आमचे आम्ही परतलो तर चालेल का? आणि तिकीट आत्ताच काढू की जहाजावर चढल्यावर?

आचऱ्याचो_बाबू

आत्ताच काढा. चालायच्या सहलींना माणसं मोजकी घेतात, त्या आधी भरतात. रद्द करायची मुदत बहुतेक ठिकाणी बंदराच्या एकदोन दिवस आधीपर्यंत असते, तुमच्या ॲपवर अटी वाचा. जहाजाने स्वतः रद्द केली तर पैसे परत.

व्हर्नात्साला भेटा, गाइड तिथे बहुधा मोकळा वेळ देतो, बंदरावर एकत्र बसून खा. पण परतताना बाबा आणि जावईबापूंनी ग्रुपबरोबरच जायचं. मधेच ग्रुप सोडला की गाइड कागदावर सही घेतो, आणि त्या सहीनंतर जहाज तुमच्यासाठी थांबत नाही. म्हणजे ज्याचे पैसे भरले तेच सोडून दिलं. तुम्ही दोघी त्यांच्या आधीच्या ट्रेनने निघा.

एक बाबांसाठी. पहिल्या पावलापासून गाइडच्या मागच्या पाचसहा माणसांत राहायला सांगा, शेपटीला नको. गाइड दर चढानंतर थांबतो. पुढच्यांना पाच मिनिटं मिळतात, मागचा धापा टाकत पोचतो तोवर गाइड पाटी उचलून निघालेला असतो.