सावलीपटासाठी ‘द अग्ली डकलिंग’: १९३१चा की १९३९चा?

प्रश्न (सोलापूर)
सातवीच्या मुलांकडून दीड मिनिटाचा, संवाद नसलेला सावलीपट करून घ्यायचाय. काळ्या कार्डपेपरची कात्रणं, काचेखालून एलईडी, वर मोबाइल; कात्रणं जरा जरा सरकवत एकेक फोटो काढून जोडायचा. नमुना म्हणून डिस्नेच्या ‘द अग्ली डकलिंग’ या दोन कार्टूनपटांपैकी कुठला दाखवू? शिवाय चाचणीत चित्र लुकलुकतंय.

उत्तर १
१९३९चा, रंगीत. १९३१च्या कृष्णधवल पटात कोंबडीने झिडकारलेलं बदकाचं पिल्लू तिची वाहून चाललेली पिल्लं वाचवतं, मग ती त्याला जवळ करते. वावटळ, धबधबा, धावपळ. कात्रणांना झेपायचं नाही. (आधी पराक्रम कर मग घरात ये, हा हिशेब मला तरी पटत नाही.) १९३९मध्ये बदकांनी झिडकारलेलं हंसाचं पिल्लू लाकडी बदकाला बिलगतं, ते पाण्यावर डुलतं आणि त्याची चोच पिल्लालाच लागते. दोन वस्तू, एक हालचाल. हाच तुकडा थांबवत थांबवत दाखवा.

उत्तर २
लुकलुकणं: मोबाइल ऑटोवर असेल. मॅन्युअलमध्ये आयएसओ (उजेडाची संवेदनशीलता), फोकस, व्हाइट बॅलन्स (रंगछटा) पक्के करा, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची, दिवा तिच्या तालात मंद-तेज होतो; १/५० सेकंदात त्याचे पूर्ण फेरे बसतात, त्यामुळे दर फोटोत उजेड सारखा पडतो. तरी थांबलं नाही तर खिडक्या झाका. काचेवर वरून पडणारा उजेड ढगागणिक बदलतो. पंखा बंदच, नाहीतर कात्रणं उडतात.

सेकंदाला १२ फोटो धरा, म्हणजे १०८०. घाबरू नका, एकटं बसलेलं पिल्लू स्वस्तात पडतं: एकच फोटो २४ वेळा लावला की दोन सेकंद. पण सगळंच थिजलं तर व्हिडिओ अडकल्यासारखा वाटतो, म्हणून पाणी हलतं ठेवा. पाण्यातलं प्रतिबिंब ट्रेसिंग पेपरचं कापा, त्याच्या आडव्या पट्ट्या करा आणि दर फोटोला एकआड एक पट्टी १-२ मिमी डावी-उजवी सरकवा.

सांध्यांना सुती दोरा, दोन्ही बाजूंना गाठ. गाठ फार आवळली तर मान वळताना अख्खं पिल्लू फिरतं.

प्रश्नकर्ता
शटरने काम झालं! हंसाऐवजी कोकिळेचं पिल्लू, कावळ्याचं घरटं चालेल?

उत्तर १
सावलीत दोघंही काळेच, वेगळेपण कळणार कसं? रोहित पक्षी (फ्लेमिंगो) घ्या, उजनी धरणावर येतो. लांब पाय, वाकडी चोच लगेच ओळखू येते. फक्त अंड्यापासून सुरुवात नको, घरटी तो कच्छच्या रणात करतो. थव्यातून चुकलेलं पिल्लू बदकांत येतं, इथून सुरू करा.