भिंत तीच, चिन्ह वेगळं: राणेंच्या पक्षांतराकडे कसं बघायचं?

कणकवलीकर
मामाच्या घराची रस्त्याकडची चिऱ्याची भिंत दर निवडणुकीत रंगते. गेल्या पावसात वरचा चुना फुगून पडला आणि कमळाच्या पाकळीखालून हाताची दोन बोटं दिसायला लागली. मामा म्हणाला, अजून खरवड, धनुष्यबाण पण मिळेल.

नारायण राणेंचा प्रवास असाच. १९९९ साली सेनेचे मुख्यमंत्री, २००५ साली काँग्रेस, २०१७ साली स्वतःचा स्वाभिमान पक्ष, २०१९ साली तो भाजपमध्ये विलीन. तरी सरसकट 'गद्दार' म्हणणं मला पटत नाही. २००५ साली त्यांनी आमदारकी सोडली, मालवणात पुन्हा उभे राहिले आणि सेनेच्या उमेदवाराचं डिपॉझिट घालवलं. २०२२ साली शिंद्यांबरोबर गेलेल्या कोकणातल्या किती आमदारांनी राजीनामा देऊन मत मागितलं? एकानेही नाही. विचारून गेला तर पक्षांतर, न विचारता गेला तर फसवणूक. माझा हिशेब एवढाच.

रत्नांग्रीची
हिशेबात गोम आहे. राणे आधी महसूलमंत्री झाले, पोटनिवडणूक नंतर आली. खुर्ची आधी, कौल मागाहून. आणि राजीनाम्याचं एवढं कौतुक कशाला? एक तृतीयांश आमदार फुटले तर आमदारकी वाचायची, ती पळवाट २००३ च्या घटनादुरुस्तीने बंद झाली होती. एकटा उडी मारणारा अपात्र ठरणार, घाऊक उडी मारणारे वाचण्याची वाट शोधणार. त्यांनी सोडली नसती तरी आमदारकी गेलीच असती!

कणकवलीकर
सक्तीने का होईना, लोकांना विचारलं गेलं ना? २०१४ साली त्याच लोकांनी कुडाळात वैभव नाईकांना निवडून दिलं आणि राणेंना घरी बसवलं. २०२४ साली विनायक राऊतांना सुमारे ४८ हजारांनी मागे टाकून लोकसभेत पाठवलं. मतदार झोपलेला नाही.

देवगड हापूस
पक्ष खंयचो तां कशाक इचारतास, माणूस आपलो मां? मधू दंडवत्यांचे पण पक्ष बदलले. १९७१ साली राजापुरातून प्रजासमाजवादी, १९७७ साली जनता पक्ष, १९८९ साली जनता दल. त्यांना कोण दलबदलू म्हणत नाही.

रत्नांग्रीची
दंडवते होते तिथेच होते हो. पक्षच त्यांच्याभोवती फुटत आणि जुळत होते. याच राजापूरचे नंतरच्या काळातले खासदार सुरेश प्रभू बघा: ९ नोव्हेंबर २०१४ ला भाजपप्रवेश आणि त्याच दिवशी केंद्रात मंत्रिपदाची शपथ. हाराची फुलं सुकायला तरी वेळ द्यायचा.

आणि राणे २०१८ साली राज्यसभेवर गेले ते भाजपतर्फे, स्वतःचा वेगळा पक्ष असताना. तिथे कुठल्या मतदाराला विचारलं?

कणकवलीकर
राज्यसभेचा मुद्दा मान्य. तिथे माझ्याकडे उत्तर नाही.

जुना शाखावाला
तुम्ही सगळे नेत्यांचा हिशेब मांडताय. माझा ऐका. २००५ साली मी सेनेत राहिलो, आतेभाऊ दादांबरोबर, म्हणजे राणेंबरोबर, काँग्रेसमध्ये गेला. वाडीत घरं लागून, विहीर एक. तीन वर्षं तो माझ्या गणपतीला आला नाही, मी त्याच्या गेलो नाही. आत्या दोन्ही घरी मोदक पोचवायची आणि रडायची. चौथ्या वर्षी तीच गेली, तेव्हा बोलणं सुरू झालं.

पुढे ९ ऑक्टोबर २०२१ ला चिपी विमानतळाच्या उद्घाटनाला उद्धवसाहेब आणि दादा एकाच स्टेजवर. टोमणे मारले एकमेकांना, पण खुर्च्या होत्या एकाच रांगेत. मी टीव्हीवर बघत होतो. आतेभाऊ शेजारीच बसलेला. दोघंही काही बोललो नाही.

देवगड हापूस
आता तर एकाच घरात दोन पक्ष. राणेंचे दोन मुलगे: २०२४ साली नितेश कणकवलीतून भाजपचे, निलेश कुडाळातून शिंदेसेनेचे, दोघंही आमदार. गणपतीला मात्र दोघं एकाच घरी जमत असणार 😄

जुना शाखावाला
तेच तर म्हणतोय रे बाबा.

रत्नांग्रीची
कणकवलीकर, मामांच्या भिंतीवर सध्या काय आहे?

कणकवलीकर
काही नाही. मे महिन्यात सिमेंटचा गिलावा मारून घेतला. आता चिन्ह रंगवायला कोणी आला तर मामा आधी गिलाव्याचं बिल दाखवतो.