प्रतिसाद: आकडा वाढला की अंधार वाढतो

वर विचारलंय, आकाशाचा उजेड थेट कँडेलात (प्रकाशाच्या तीव्रतेच्या एककात) का मोजत नाहीत? मोजतात की! पण अगदी काळोख्या आकाशाची तेजस्विता चौरस मीटरला जेमतेम 0.00017 कँडेला, एवढी शून्यं कोण सांभाळणार? म्हणून आकाशाच्या चौरस आर्कसेकंदाला (आर्कसेकंद म्हणजे अंशाचा 3600वा भाग) किती प्रत (ताऱ्यांचं तेज मोजायचं माप), असं सांगतात. ते उलटं चालतं: आकडा मोठा तितका अंधार जास्त, 5 प्रतींचा फरक म्हणजे उजेडात 100 पट फरक.

आकाशाचा उजेड मोजायच्या माझ्या मीटरवर नाशिकच्या गंगापूर रोडच्या गच्चीतून 18.4 आलं, हरसूलच्या पुढे 21.1. फरक 2.7, म्हणजे गच्चीवर उजेड बारा पट. (गच्चीसमोर मंगल कार्यालय आहे, लग्नसराईत मोजूच नये.)

'स्कॉट' नावाचं जुनं एककही आहे, अपोस्टिल्ब या तेजस्वितेच्या जुन्या एककाचा हजारावा भाग. त्या हिशेबात काळोखं आकाश साधारण अर्धा स्कॉट. मला तेच सोयीचं वाटतं, पण वापरतंय कोण!